बिमल रॉय कॅमेरामन होते, मग स्वतःच्या फिल्म्सचा कॅमेरा त्यांनी का नाही केला?

प्रश्न थोडक्यात असा आलाय की बिमल रॉय मुळात कॅमेरामन होते असं सगळीकडे वाचायला मिळतं, पण दो बीघा जमीन, मधुमती, सुजाता, बंदिनी यातल्या एकाही फिल्मवर कॅमेरामन म्हणून त्यांचं नाव दिसत नाही, तर मग त्यांनी कॅमेरा सोडूनच दिला का, आणि निर्माता म्हणून त्यांनी नेमकं काय केलं, की बॅनरला फक्त त्यांचं नाव होतं?

प्रश्न चांगला आहे, आणि याचं उत्तर नीट दिलेलं मला फारसं कुठे सापडलं नाही. बिमल रॉय म्हटलं की लोक लगेच वास्तववाद, गरिबांबद्दलची कळकळ, नूतनचा चेहरा यावर बोलायला लागतात, ते सगळं खरंच आहे, पण माणूस काम कसं करायचा हे त्यात राहून जातं. मी स्वतः कॅमेऱ्यामागे आयुष्य काढलंय, निगेटिव्हवरही काम केलंय आणि आता डिजिटलवरही करतोय, त्यामुळे मी त्यांच्याकडे आमच्या धंद्यातला माणूस म्हणूनच बघतो. आणि माझं मत स्पष्ट आहे, बिमलदांनी कॅमेरा हातातून खाली ठेवला पण कॅमेरामनची सवय शेवटपर्यंत सोडली नाही, आणि त्या सवयीवरच त्यांची कंपनी चालली.

आधी हे बघू की ते कॅमेरामन कसे होते, कारण ते कळल्याशिवाय पुढचं कळणार नाही.

जन्म 12 जुलै 1909 चा, ढाका जिल्ह्यातल्या सुआपूरचा, जमीनदाराचं घर. वडील गेले, इस्टेटीच्या कारभाऱ्याने फसवलं, जमीन हातची गेली आणि कुटुंब कलकत्त्याला आलं. (दो बीघा जमीन बघताना हे लक्षात ठेवा, जमीन कागदावरून कशी निसटते हे त्यांनी घरात पाहिलेलं होतं.) कलकत्त्यात न्यू थिएटर्स 1931 मध्ये बी. एन. सरकार यांनी काढलं, आणि तिथे नितीन बोस हे मुख्य कॅमेरामन होते, त्यांच्या हाताखाली बिमलदा असिस्टंट म्हणून लागले. आपल्याकडे त्याच सुमाराला प्रभात होतं ना, व्ही. अवधूत कॅमेऱ्यावर, दामले साउंडला, फत्तेलाल कलादिग्दर्शनाला, सगळे पगारी किंवा भागीदार आणि सगळे एकाच आवारात, तसंच वातावरण न्यू थिएटर्सचं. अशा स्टुडिओत असिस्टंट कॅमेरामन म्हणजे फक्त मॅगझिन (कॅमेऱ्याचा फिल्मचा डबा) भरणारा पोरगा नसायचा. लॅब शेजारीच, आज शूट केलेलं निगेटिव्ह कसं धुतलं जातंय हे तो उद्या जाऊन बघू शकायचा, एडिटिंग टेबल पलीकडच्या खोलीत, गाण्याची तालीम अंगणापलीकडे. हृषीकेश मुखर्जीसुद्धा तिथेच कॅमेरा आणि लॅबच्या बाजूने आत आले आणि मग एडिटर झाले, हे पुष्कळांना माहीत नसतं.

मग बरुआ. न्यू थिएटर्सचे दिग्दर्शक प्रमथेश बरुआ हे आसामातल्या गौरीपूरच्या संस्थानिक घराण्यातले, युरोपात जाऊन स्टुडिओतलं लाइटिंग बघून, शिकून आलेले. त्याआधी आपल्याकडे बहुतेक शूटिंग उन्हात व्हायचं, वरून पांढरं कापड ताणायचं, बाजूने रिफ्लेक्टर लावायचे, की झालं. बरुआंनी दिव्यांच्या उजेडात शूट करण्याचा आग्रह धरला आणि त्यांना तसा कॅमेरामन हवा होता. 1935 च्या हिंदी देवदासचा कॅमेरा बिमलदांचा, सैगलवाला देवदास. नंतर 1937 चा मुक्ती, तो तर आसामच्या जंगलात जाऊन शूट केलेला. 1939 चा बडी दीदी. म्हणजे तिशीच्या आत हा माणूस देशातल्या सगळ्यात मोठ्या स्टुडिओपैकी एकाचा पुढच्या फळीतला कॅमेरामन झाला होता.

इथे एक टेक्निकल गोष्ट सांगतो. लोकांना वाटतं की अंधाऱ्या फ्रेमला लाइट कमी लागतो. उलट आहे. त्या काळच्या फिल्मची स्पीड, म्हणजे उजेड पकडायची ताकद, इतकी कमी होती की चेहऱ्यावर साधं एक्स्पोजर मिळवायला मोठेमोठे दिवे लावायला लागायचे, आणि तेवढा उजेड सेटवर ओतल्यावर मग तो भिंतीवर जाऊ नये, मागच्या खांबावर सांडू नये, म्हणून कटर लाव, झडप लाव, काळा कपडा धर, अशी कापाकापी करायची. म्हणजे लाइटिंगच्या कामातला अर्धा वेळ उजेड लावण्यात जातो आणि अर्धा तो अडवण्यात. ज्याने हे काम वर्षानुवर्षं केलंय त्याच्या डोक्यात एक गोष्ट कायमची बसते, की प्रेक्षकाला काय दिसायला नको हे शूटिंगच्या आधी ठरवायचं असतं. बिमलदांच्या फिल्म्समध्ये जो शांतपणा आहे, कमी बोलणं आहे, तो मला सगळा इथून आलेला दिसतो. स्वभावाने ते अबोल होतेच, त्यांच्या सगळ्या सहकाऱ्यांनी तसंच सांगितलंय, पण स्वभाव एक आणि शिस्त वेगळी.

मधल्या काळात त्यांनी डॉक्युमेंटरी पण केल्या. 1941 ची टिन्स फॉर इंडिया ही रॉकेलचे डबे कसे बनतात यावरची छोटी फिल्म त्यांची आहे. वाचायला गंमत वाटेल पण कॅमेरामनसाठी हे फार चांगलं शिक्षण असतं. पत्रा, मशीन, हात, पुन्हा मशीन, पुन्हा हात, यातून प्रेक्षकाला धरून ठेवायचं. हिरोईन नाही, गाणं नाही. दो बीघामधले हातगाड्या, चाकं, पाय, घाम यांचे शॉट्स ज्याने काढून घेतले त्याने आधी डबे शूट केले होते हे मला तरी महत्त्वाचं वाटतं.

दिग्दर्शक म्हणून पहिली फिल्म 1944 ची, उदयेर पथे, बंगालीत, आणि तिचा कॅमेरा त्यांनी स्वतःच केला. म्हणजे दोन्ही कामं एकदम करून बघितलेली होती, जमत नव्हतं म्हणून सोडलं असं काही नाही. आणि काळ बघा, महायुद्ध चालू, रॉ स्टॉकवर, म्हणजे कोऱ्या फिल्मवर, सरकारी कंट्रोल, फिल्मची लांबी 11,000 फुटांपेक्षा जास्त नको असा नियम. 35 एमएमचा हिशोब मिनिटाला 90 फूट, म्हणजे कशीबशी दोन तासांची फिल्म, आणि त्यातसुद्धा वाया घालवायला स्टॉक नाही. अशा दिवसांत ज्याने दिग्दर्शन आणि कॅमेरा दोन्ही सांभाळले तो पुढे निर्माता झाल्यावर फूट मोजूनच खर्च करणार. ही फिल्म बंगालमध्ये प्रचंड चालली, एका गरीब लेखकाचं आणि श्रीमंत घरातल्या मुलीचं कथानक, हिरो म्हणून कोणी मोठा स्टार नाही. 1945 मध्ये हिंदीत हमराही म्हणून तीच पुन्हा केली.

आता मूळ प्रश्न, मग पुढे कॅमेरा का नाही केला.

माझा अनुभव सांगतो, दिग्दर्शक जेव्हा स्वतःच कॅमेरा करतो तेव्हा सगळ्यात आधी मार खातो तो ॲक्टर. कारण शॉट चालू असताना कॅमेरामनचं लक्ष चेहऱ्यावर असतं खरं पण ते चेहऱ्यावरच्या उजेडावर असतं, नाकाची सावली ओठांवर येतेय का, मागच्या खिडकीतून फ्लेअर येतेय का, ट्रॉली थांबली तेव्हा फोकस राहिला का. ॲक्टरने वाक्याच्या आधी जो श्वास घेतला तो खरा होता की नाही हे बघायला दुसरे डोळे लागतात. आणि वेळेचा प्रश्न आहेच. लाइटिंगला तासभर लागला तर तो तासभर दिग्दर्शक ॲक्टरबरोबर बसू शकतो, वाक्य कापू शकतो, लेखकाशी बोलू शकतो. दोन्ही माणसं एकच असतील तर तो तास गेला. बलराज साहनी, नूतन, सुचित्रा सेन, दिलीपकुमार यांच्यासारख्यांबरोबर काम करायचं तर त्या तासाची किंमत फार मोठी आहे. बिमलदांनी हे कुठे लिहून ठेवलंय असं मी म्हणत नाही, पण त्यांच्या फिल्म्समधलं अभिनयाचं काम बघितलं की हा हिशोब समोर दिसतो.

आणि दुसरं, त्यांनी कॅमेरा कोणाला दिला ते बघा. मुख्य दोन नावं, कमल बोस आणि दिलीप गुप्ता. दो बीघा, परिणीता, 1955 चा देवदास, सुजाता, बंदिनी, हे कमल बोस. मधुमती आणि यहुदी दिलीप गुप्ता. सारखी माणसं बदलली नाहीत. ज्या दिग्दर्शकाला लाइटिंग कळतं त्याच्याबरोबर काम करणं कॅमेरामनला एकतर फार सोपं असतं नाहीतर अशक्य असतं, मधलं काही नसतं. सोपं कधी होतं, तर तो दिवा कुठे लावायचा हे सांगत नाही, सीनमध्ये काय व्हायला हवंय ते सांगतो आणि गप्प बसतो. कमल बोस इतकी वर्षं टिकले याचा अर्थ बिमलदा त्या अशक्य प्रकारातले नव्हते. पुढे हेच कमल बोस खामोशी करतात, आणि नंतर फिरोज खानचे धर्मात्मा आणि कुर्बानीही करतात, रंगीत, चकचकीत, सगळं वेगळं. म्हणजे माणूस स्वतःच्या ताकदीचा होता, बिमलदांचा हात धरून चालणारा नव्हता.

मुंबईला ते आले 1950 च्या सुमाराला. फाळणीने न्यू थिएटर्सचं पूर्व बंगालातलं मार्केट गेलं होतं, कलकत्त्यातलं काम आटत चाललं होतं. बॉम्बे टॉकीजसाठी माँ करायला आले, 1952 ची फिल्म, आपल्या लीला चिटणीस त्यात होत्या. पण मालाडला त्यांच्या स्टुडिओत पोचले तेव्हा बॉम्बे टॉकीज स्वतःच शेवटच्या घटका मोजत होतं. इथे बाकी कोणी असतं तर परत गेलं असतं किंवा दुसऱ्याकडे नोकरी धरली असती. यांनी बरोबर आणलेली माणसं एकत्र ठेवली. हृषीकेश मुखर्जी, नबेंदू घोष, असित सेन, पॉल महेंद्र. इथे एक घोळ नेहमी होतो म्हणून सांगतो, हे असित सेन म्हणजे नंतर सावकाश बोलणारे कॉमेडियन म्हणून आपल्याला माहीत असलेले, खामोशीचे दिग्दर्शक असित सेन वेगळे.

1952 च्या सुरुवातीला मुंबईत पहिला आंतरराष्ट्रीय फिल्म महोत्सव झाला, त्यात या मंडळींनी इटालियन फिल्म बायसिकल थीव्ज पाहिली, आणि परतताना ट्रेनमध्येच अशी फिल्म आपण का नाही करत हा विषय निघाला, हा किस्सा सगळ्यांना माहीत आहे. सलील चौधरींची रिक्षावाल्याची गोष्ट होती, हृषीदांनी स्क्रिप्ट लिहिलं, आणि बिमल रॉय प्रॉडक्शन्स उभी राहिली. पण किस्सा सांगताना लोक निर्मात्याचा भाग गाळतात. नवी कंपनी, पहिली फिल्म, आणि विषय काय तर कर्जात बुडालेला शेतकरी, रोमान्स नाही, शेवट गोड नाही. बलराज साहनींना घेतलं, ज्यांच्याकडे बघून सुरुवातीला बिमलदांनाही शंका आली होती कारण भेटायला आलेला माणूस एकदम साहेबी थाटात. साहनी मग जोगेश्वरीतल्या उत्तर प्रदेशी दूधवाल्या भय्यांमध्ये जाऊन बसले, त्यांचं उठणं बसणं पाहिलं, कलकत्त्यात रस्त्यावर खरी रिक्षा ओढली. त्यांच्या वडिलांच्या भूमिकेत आपले नाना पळशीकर, तो म्हातारा बघाच.

कलकत्त्याच्या रस्त्यावरचे शॉट्स लपवलेल्या कॅमेऱ्याने घेतलेत. आज मोबाईलवर कोणीही हे करतं म्हणून त्याचं काही वाटत नाही, पण त्या वेळी 35 एमएमचा कॅमेरा लपवायचा म्हणजे गाडीत, दुकानात, कापडाखाली, मॉनिटर नाही, शॉट आला की नाही हे लॅबमधून रशेस (धुतलेल्या शॉट्सच्या पहिल्या प्रिंट) आल्यावर कळणार, रस्त्यावर उजेड आहे तो आहे, एक्स्पोजर अंदाजाने. असा निर्णय फक्त दिग्दर्शक असलेला माणूस घेताना दहादा विचार करेल, निर्माता तर नाहीच म्हणेल. ज्याने स्वतः निगेटिव्ह हाताळलंय, जो जाणतो की किती कमी उजेडात किती येईल, तोच हे बिनधास्त करू शकतो. आणि पैशाचा हिशोबही यात आहे, स्टुडिओत कलकत्त्याचा रस्ता बांधून गर्दी भरायची तर खर्च किती, आणि खरा रस्ता फुकट. रिक्षाच्या शर्यतीचा तो सीन, पॅसेंजर पैसे वाढवत जातो, अजून जोरात म्हणत जातो आणि साहनी पळत सुटतात, तो सेटवर तसा झालाच नसता.

1954 ला कान महोत्सवात दो बीघाला आंतरराष्ट्रीय पारितोषिक मिळालं, त्याच वर्षी पहिल्यावहिल्या फिल्मफेअरमध्ये उत्कृष्ट फिल्म आणि उत्कृष्ट दिग्दर्शक. आणि राष्ट्रीय पुरस्कारांचंही ते पहिलंच वर्ष, सुवर्णपदक गेलं आचार्य अत्र्यांच्या श्यामची आईला आणि दो बीघाला गुणवत्ता प्रमाणपत्र. एकाच वर्षी, एक कोकणातल्या गरीब घराची फिल्म, दुसरी बंगालातल्या गरीब शेतकऱ्याची, दोन्ही मुंबईतून आलेल्या. मला हे फार आवडतं.

आता निर्माता म्हणून. इथे त्यांचं एक धोरण मला दिसतं ते असं, की स्वतःच्या बॅनरबरोबर बाहेरच्या निर्मात्यांचं दिग्दर्शनही करायचं. परिणीता अशोककुमारांची निर्मिती, बिराज बहू हितेन चौधरींची, यहुदी सावक वाच्छांची. अशोककुमार आणि वाच्छा दोघेही बॉम्बे टॉकीजचे, आणि वाच्छा तर मुळात साउंड रेकॉर्डिस्ट, म्हणजे पुन्हा टेक्निशियनच. बाहेरचं काम केलं की मेहनताना मिळतो आणि धोका दुसऱ्याचा, मग स्वतःच्या कंपनीत स्वतःला हवी ती फिल्म करता येते. त्यांना दिग्दर्शनाचे एकूण सात फिल्मफेअर मिळाले, त्यातले दोन बाहेरच्या निर्मितीला आणि पाच स्वतःच्या कंपनीच्या फिल्म्सना. म्हणजे बाहेरचं काम उरकून टाकलं असंही नाही.

1955 चा देवदास मात्र महागात पडला. वीस वर्षांपूर्वी ज्याचा कॅमेरा केला तीच गोष्ट आता स्वतःच्या पैशाने. दिलीपकुमार, सुचित्रा सेन, वैजयंतीमाला. फिल्मचं कौतुक झालं पण कंपनी अडचणीत आली, आणि तेव्हा आली मधुमती. ऋत्विक घटकांची कथा, राजिंदर सिंग बेदींचे संवाद, सलील चौधरींचं संगीत. लोक म्हणतात बिमलदांनी पैशासाठी व्यावसायिक फिल्म केली. बरोबर आहे, केली, आणि त्यात कमीपणा काय? कंपनीत माणसं पगारावर आहेत, पुढे सुजाता करायचीय, बंदिनी करायचीय, तर तिजोरी भरायला हवीच. पुनर्जन्माची गोष्ट घेतली आणि ती अशी केली की आजही तिच्या मागे मागे फिल्म्स निघतायत.

मधुमतीच्या शूटिंगमध्ये जे झालं ते कॅमेऱ्याच्या धंद्यातल्या प्रत्येकाला ऐकून धडकी भरेल. युनिट नैनीताल, राणीखेत, घोडाखाल भागात गेलं, मोठं आउटडोअर करून आलं, आणि डेव्हलप केल्यावर कळलं की बरंचसं निगेटिव्ह फॉग झालेलं. फॉग होणं म्हणजे इमेजवर सगळीकडे एक राखाडी पडदा चढतो, काळा काळा राहत नाही. हे उष्णतेने होतं, दमटपणाने होतं, मॅगझिनला कुठे फट असेल तर होतं, जुन्या स्टॉकने होतं, आणि एकदा झालं की लॅब काहीही करू शकत नाही. तेव्हा इन्शुरन्सचा क्लेम करून परत हिमालयात जाऊ असला प्रकार नव्हता. स्टार्सच्या तारखा गेलेल्या, सीझन गेलेला, पैसे गेलेले.

बिमलदांनी काय केलं, तर हिमालय महाराष्ट्रात आणला. इगतपुरीला वैतरणा धरणाजवळ सेट लावले, कलादिग्दर्शक सुधेंदू रॉय यांच्या टीमने खोटी पाइनची झाडं बनवून ती जमिनीत रोवली, धुकं गॅस बॉम्बने केलं, आणि बराच भाग तर आरे कॉलनीत काढला. आता विचार करा, कुमाऊँमधला जो काही थोडा वाचलेला शॉट आहे त्याला आरे कॉलनीतला शॉट जोडायचाय. सूर्याची उंची वेगळी, हवा वेगळी, डोंगरातल्या पातळ हवेत सावली कडक पडते आणि मुंबईच्या दमट हवेत ती मऊ होते, झाडांचा पोत वेगळा. हे जुळवायचं तर कॅमेरामन, कलादिग्दर्शक, एडिटर तिघांना एका टेबलवर बसवून शॉट न शॉट ठरवायला लागतो, कुठे वाइड जायचं नाही, कुठे धुकं टाकून मागचं झाकायचं, कुठे वेळ सकाळचीच धरायची. धुकं इथे नुसतं मूडसाठी नाही, ते खोट्या झाडांचे बुंधे झाकायला पण आहे. दिलीपकुमार जंगलात वैजयंतीमालाला शोधत फिरतात तो सीन इगतपुरीचा आहे, सांगितल्याशिवाय कोणाला कळतं? मला तरी पहिल्यांदा बघताना कळलं नव्हतं आणि आता कळूनही फरक पडत नाही.

त्या फिल्मला नऊ फिल्मफेअर मिळाले आणि तो विक्रम 37 वर्षं टिकला. त्या नऊमध्ये दिलीप गुप्तांना कॅमेऱ्याचं आहे, सुधेंदू रॉयना कलादिग्दर्शनाचं आहे, हृषीदांना एडिटिंगचं आहे. मला वाटतं फॉग झालेल्या त्या निगेटिव्हने ही तिन्ही पारितोषिकं मिळवून दिली. आणि कंपनी वाचली.

मोहन स्टुडिओ, अंधेरी, हा त्यांचा मुख्य अड्डा. त्याच आवारात त्याच काळात के. आसिफ मुघल-ए-आझमचा शीशमहल बांधत होते, त्या एका सेटला दोन वर्षं लागली. एका भिंतीपलीकडे तसं काम, आणि अलीकडे बिमलदांचं युनिट वर्षाला एखादी फिल्म पूर्ण करून बाहेर काढतंय. दोन्ही पद्धतींना आपापली किंमत आहे, आसिफसारखं वेड नसतं तर तो शीशमहल आपल्याला दिसला नसता. पण ज्या पोरांना निर्माता व्हायचंय त्यांनी अभ्यास बिमल रॉय प्रॉडक्शन्सचा करावा असं मी नेहमी सांगतो.

आणि अभ्यासातला सगळ्यात मोठा धडा म्हणजे त्यांनी दिग्दर्शन दुसऱ्यांना दिलं. हे फार कमी लोक लक्षात घेतात. परिवार आणि अपराधी कौन असित सेनना दिले, उसने कहा था मोनी भट्टाचार्जींना, काबुलीवाला हेमेन गुप्तांना, बेनझीर एस. खलील यांना. काबुलीवाला बघून अनेक जण तो बिमलदांनीच दिग्दर्शित केलाय असं समजतात, बलराज साहनी, सलीलदांचं संगीत, कॅमेऱ्यावर कमल बोस, सगळी घरचीच माणसं. दिग्दर्शक वेगळा पण घराचा वास तोच. गौतम द बुद्ध ही डॉक्युमेंटरी राजबंस खन्नांनी केली, शिल्पं आणि चित्रं यांच्यावरच उभी केलेली, तिचा 1957 ला कानमध्ये सन्मान झाला. गुलजार त्यांच्याकडे असिस्टंट होते आणि गीतकार म्हणून पहिलं गाणं त्यांना बंदिनीत मिळालं. बासू भट्टाचार्य तिथलेच. हृषीदा तर 1957 ला स्वतः दिग्दर्शक झालेले असूनही मधुमतीच्या एडिटिंगला होतेच. स्वतः असिस्टंट म्हणून चढलेला माणूस असिस्टंटकडे कसा बघतो ते इथे कळतं. आपल्याकडे किती निर्माते-दिग्दर्शक स्वतःच्या कंपनीत दुसऱ्याला खुर्ची देतात, तुम्हीच बघा.

मराठी कलाकारांचं त्यांच्याकडचं काम हा एक वेगळा विषय होईल. सुजातामध्ये नूतन, सुलोचनाबाई आणि ललिता पवार तिघी एका घरात आहेत, आणि तिघींचा उजेड वेगळा आहे, हे मी पोरांना फ्रेम थांबवून दाखवतो. ललिताबाईंवर कडक बाजूचा लाइट, सुलोचनाबाईंचा चेहरा मऊ, आणि नूतन बऱ्याचदा दाराच्या चौकटीत, अर्धी आत अर्धी बाहेर. ती घरातली आहे की नाही हा फिल्मचा प्रश्नच आहे, अस्पृश्य घरात जन्मलेली मुलगी ब्राह्मण घरात वाढलेली, आणि तो प्रश्न कॅमेरा संवादाच्या आधी विचारतो. बंदिनीत नूतनचे वडील म्हणजे राजा परांजपे, आपल्याला ते विनोदी फिल्म्सचे दिग्दर्शक म्हणून माहीत, इथे किती संयमाने केलंय ते बघा.

बंदिनी 1963 ची. तेव्हा रंगाची लाट आली होती, जंगली 1961 ला येऊन गेला होता, मोठ्या फिल्म्स रंगीत होत होत्या, वितरकही रंग मागत होते. बिमलदांनी शेवटपर्यंत ब्लॅक अँड व्हाइट सोडलं नाही. यातही निर्मात्याचा हिशोब असणार, रंगाचा स्टॉक महाग आणि लाइटही जास्त लागतो, पण बंदिनी रंगीत असती तर विष देण्याचा तो सीन झालाच नसता. आठवून बघा, नूतन खोलीत आहे, बाहेर वेल्डिंग चालू आहे, ठिणग्यांचा उजेड तिच्या चेहऱ्यावर येतो आणि जातो, येतो आणि जातो, बाहेरून घणाचे आवाज, आणि एकही संवाद नाही. एका क्षणाला ती माणूस आहे आणि दुसऱ्या क्षणाला तिने निर्णय घेतलेला आहे, आणि तो निर्णय आपल्याला अंधाराच्या एका पट्ट्यात होताना दिसतो. कमल बोसना याच फिल्मसाठी फिल्मफेअर मिळालं, आणि साउंडलाही मिळालं. हा सीन लिहिताना कोणाच्या डोक्यात आधी उजेड आला हे सांगता येत नाही, पण असा सीन स्क्रिप्टमध्ये टिकू देणारा निर्माता-दिग्दर्शक कॅमेऱ्याच्या पोटातूनच आलेला असणार.

8 जानेवारी 1966 ला ते गेले, कॅन्सरने, 56 वर्षांचे. कुंभमेळ्यावरची अमृत कुंभ की खोज अर्धवट राहिली. निर्मितीखालची दो दूनी चार 1968 ला त्यांच्या पश्चात आली. म्हणजे स्वतःची कंपनी त्यांना मिळाली ती फक्त तेरा-चौदा वर्षं, आणि तेवढ्यात एवढं सगळं.

तुम्हाला खरोखर अभ्यास करायचा असेल तर एक क्रम सुचवतो. आधी 1935 चा सैगलवाला देवदास बघा, प्रिंट खराब आहे, तरी बघा, आणि रात्रीचे सीन्स कसे लावलेत तेवढंच बघा. लगेच त्याच्यापाठोपाठ 1955 चा. पारो पालखीत बसून चाललीय आणि चंद्रमुखी रस्त्याने पायी येतेय, दोघी एकमेकींना ओळखत नाहीत, फक्त बघतात आणि पुढे जातात, संवाद नाही, त्या शॉट्सची लांबी मोजा. मग मधुमतीतले जंगलाचे सीन्स, आता तुम्हाला माहितीय की त्यातला कुठला भाग इगतपुरीचा असू शकतो, तर धुकं नेमकं कधी येतं आणि काय झाकतं ते टिपून ठेवा. शेवटी बंदिनीचा तो विषाचा सीन तीनदा बघा, एकदा आवाज बंद करून, एकदा डोळे मिटून नुसता आवाज ऐकत, आणि मग नीट. सिनेमॅटोग्राफी शिकत असाल तर तिसऱ्यांदा बघताना ठिणग्यांचा उजेड खिडकीच्या कुठल्या बाजूने येतोय आणि खोलीतला बाकीचा फिल लाइट (सावल्या उजळणारा मंद उजेड) किती खाली ठेवलाय ते वहीत आकृती काढून मांडा, आणि तसाच सेटअप घरी एक टेबल लॅम्प आणि पुठ्ठा घेऊन करून बघा. टेबल लॅम्पसमोर पुठ्ठा हलवला की चेहरा कधी जातो आणि कधी येतो ते हाताला कळतं, आणि अडलात तर विचारा, त्या सेटअपबद्दल मी आणखी सांगेन.